तडीपारीचा प्रथमपुरुष

मराठीत एखादे काम 'तडीस नेले' म्हणजे ते पूर्णत्वाला पोचवले आणि एखादा माणूस 'तडीपार केला' म्हणजे त्याला आपल्या हद्दीतून घालवून दिले. दोन्हींतली 'तड' एकच आहे: नदीचा काठ, कड, शेवट. तडीपर्यंत पोचणे हे यश आणि तडीपलीकडे जावे लागणे ही शिक्षा. सरकारी कागदावर या शिक्षेचा शब्द 'हद्दपारी' असा आहे, पण पुण्याच्या पोलीस चौक्यांत, वर्तमानपत्रांच्या आतल्या पानांवर आणि ज्या वस्त्यांवर हा आदेश येऊन आदळतो तिथे शब्द एकच चालतो, तडीपार. २०२० साली पुणे स्टेशनजवळच्या ताडीवाला रोडवर वाढलेल्या, जेमतेम विशीतल्या एका मुलाने आपल्या पहिल्या हिप हॉप अल्बमला हेच नाव दिले. एमसी स्टॅन हे त्याचे गाण्यातले नाव, जन्म १९९९ चा. ताडीवाला आणि तडीपार यांचा नादापुरताच मेळ आहे, व्युत्पत्तीने एकाचा दुसऱ्याशी काही संबंध नाही. पण त्या रस्त्याचा आणि त्या शब्दाचा संबंध मात्र फार जुना आहे. 'तडीपार' हा अल्बम देशभरच्या तरुण श्रोत्यांनी डोक्यावर घेतला, त्याची चर्चा झाली ती ऑटोट्यून, ठेका, शिव्या आणि प्रतिस्पर्ध्यांशी झालेली भांडणे यांच्या अंगाने. माझे म्हणणे वेगळे आहे. पुण्याच्या इतिहासात माणसांना शहराबाहेर काढण्याची दोनशे वर्षांची सलग नोंद आहे, आणि त्या नोंदीत साध्या तडीपाराचा स्वतःचा आवाज जवळजवळ नाही. हा अल्बम त्या नोंदीतला प्रथमपुरुष आहे. म्हणून तो संगीताइतकाच या शहराच्या इतिहासाचाही कागद आहे.

पुण्यातून बाहेर काढलेल्या माणसांची यादी शहराच्या धन्यापासूनच सुरू होते. ५ नोव्हेंबर १८१७ ला खडकीची लढाई झाली, १७ नोव्हेंबरला बाळाजीपंत नातूंच्या हातून शनिवारवाड्यावर इंग्रजांचे निशाण चढले, आणि पुढच्या जूनमध्ये दुसरा बाजीराव इंग्रज अधिकारी माल्कमच्या स्वाधीन झाला. त्याला वर्षाला आठ लाख रुपये मिळणार होते, अट एकच होती: दख्खन सोडायची. गंगाकाठच्या ब्रह्मावर्तात, म्हणजे कानपूरजवळच्या बिठूरला, तो १८५१ पर्यंत जगला. पुणे त्याला पुन्हा दिसले नाही. नंतर ऐंशी वर्षांनी, प्लेगच्या काळातला इंग्रज अधिकारी रँड याच्या खुनानंतर १८९७ मध्ये, त्याच नातू घराण्यातले बाळासाहेब आणि तात्यासाहेब हे बंधू खटला न चालवता पकडून पुण्याबाहेर ठेवले गेले. त्यासाठी वापरलेला १८२७ चा पंचविसावा रेग्युलेशन हा एल्फिन्स्टनच्या काळातल्या कायदेसंहितेचा भाग होता, आणि एल्फिन्स्टन म्हणजे पुण्याच्या संगमावर रेसिडेंट म्हणून राहिलेला माणूस. त्यानंतर १९०८ साली टिळक मंडालेला गेले आणि १९१४ च्या जूनमध्ये मध्यरात्री गायकवाडवाड्याच्या दाराशी परत आले. या तिन्ही हद्दपाऱ्या आपल्याला शाळेपासून ठाऊक असतात, कारण त्या भोगणाऱ्यांना लिहिता येत होते किंवा त्यांच्यासाठी लिहिणारे आणि गाणारे होते. पेशवाईच्या अस्तावर प्रभाकरासारख्या शाहिराने गायले. नातूंसाठी वृत्तपत्रे बोलली. टिळकांनी तर तिथल्या तुरुंगात 'गीतारहस्य' लिहून काढले. थोरांची हद्दपारी इतिहास होते. प्रश्न उरतो बाकीच्यांचा.

बाकीचेही नेहमीच होते. पेशव्यांच्या काळी पुण्याच्या कोतवालीत गुन्ह्याची शिक्षा म्हणून दंड होता, कैद होती, आणि शहरातून घालवून देणेही होते. त्या कागदांत माणसाचे नाव येते, जात येते, काय केले ते येते, किती दंड वसूल झाला ते येते. तो माणूस काय म्हणाला ते क्वचितच येते, आणि आले तरी कारकुनाच्या भाषेत. इंग्रजी अमलात या प्रथेला कलमे मिळाली. मुंबई शहरासाठीच्या १९०२ च्या पोलीस कायद्यात संशयित माणसाला शहराबाहेर काढण्याची तरतूद होती. १९११ च्या गुन्हेगार जमाती कायद्याने मुंबई इलाख्यातल्या कितीतरी भटक्या जमातींना जन्मतःच हजेरीला बांधून टाकले, आणि तो जाच ३१ ऑगस्ट १९५२ ला अधिकृतपणे संपला. त्याआधी एक वर्ष, १९५१ मध्ये, मुंबई पोलीस कायदा आला. आज त्याला महाराष्ट्र पोलीस कायदा म्हणतात आणि तडीपारीची कलमे ५५, ५६ व ५७ त्यातलीच आहेत. या दोन कायद्यांची जातकुळी एक नाही, हे मान्य करायला हवे. एक जन्मावरून बोट दाखवत होता, दुसरा माणसाच्या वागण्यावरून दाखवतो. पण वस्तीतल्या माणसाला दारात येणारा शिपाई दोन्ही वेळी सारखाच दिसला असणार. 'जन्मजात' हा शब्द जाऊन 'सराईत' हा शब्द आला.

छप्पन्नावे कलम कसे चालते हे नीट पाहिले पाहिजे, कारण या अल्बमचे नाव त्याच्याच पोटातून आलेले आहे. एखाद्याच्या हालचालींमुळे लोकांच्या जिवाला किंवा मालमत्तेला धोका आहे, किंवा तो दहशतीचे गुन्हे करतो असे मानायला आधार आहे आणि भीतीपोटी साक्षीदार उघडपणे पुढे यायला तयार नाहीत, असे अधिकाऱ्याला वाटले की तो त्या माणसाला दोन वर्षांपर्यंत हद्दीबाहेर राहायला सांगू शकतो. पुण्यात १ जुलै १९६५ ला पोलीस आयुक्तालय झाल्यापासून हा अधिकार उपायुक्ताच्या हाती आहे. आदेशाआधी नोटीस मिळते, म्हणणे मांडायची संधीही मिळते. मात्र नोटिशीत आरोपांचे सर्वसाधारण स्वरूप सांगणे पुरेसे असते. कोण बोलले, कधी बोलले, हे गुप्त राहते. अपील राज्य सरकारकडे. मुदत संपण्याआधी हद्दीत पाय ठेवला तर तो वेगळा गुन्हा, आणि म्हणूनच वर्तमानपत्रांत 'तडीपार गुंडाला अटक' ही बातमी 'तडीपार'च्या बातमीइतकीच वारंवार असते. असा कायदा हवाच, असे म्हणणाऱ्यांना मी सहज खोडून काढणार नाही. ज्या गल्लीत एका टोळक्याच्या भीतीने संध्याकाळी दारे बंद होतात तिथल्या बाईला तडीपारीचा आदेश दिलासाच वाटेल. सर्वोच्च न्यायालयानेही १९५२ सालापासून या प्रकारची कलमे घटनाबाह्य ठरवलेली नाहीत. मात्र जानेवारी २०२२ मध्ये जालन्याच्या दीपक डोंगरे प्रकरणात त्याच न्यायालयाने सांगितले की हा उपाय असाधारण आहे, तो माणसाच्या संचारस्वातंत्र्यावर घाव घालतो, आणि म्हणून तो क्वचित व विचारपूर्वकच वापरायला हवा. माझा मुद्दा कायद्याच्या बऱ्यावाईटाच्या आधीचा आहे. या साऱ्या प्रक्रियेत एक माणूस घरातून, आईपासून, रोजगारापासून दोन वर्षे तोडला जातो, आणि त्याच्याविषयी जे जे लिहिले जाते ते सारे तृतीयपुरुषात असते: तो सराईत आहे, त्याच्यावर इतके गुन्हे आहेत, त्याची परिसरात दहशत आहे.

आता जागा पाहू. १४ जून १८५८ ला पुण्यापर्यंत आगगाडी आली आणि शहराच्या पूर्वेला एक नवी सीमारेषा आखली गेली. रुळांच्या दक्षिणेला कॅम्प, ससून रुग्णालय, सरकारी बंगले. उत्तरेला रूळ आणि मुळा-मुठा यांच्यामधली जमिनीची पट्टी. मुळा आणि मुठेचा संगम इथून जवळ आणि जमशेटजी जिजीभाईंच्या देणगीतून बांधलेला बंधाराही जवळच. एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीला या पट्टीत राजाबहादूर मोतीलाल मिल आली. रेल्वे आणि गिरणी यांना हात लागतात, हातांना झोपायला जागा लागते, आणि ती जागा कोणी आखून दिली नाही तर माणसे आपणच ती करतात. ताडीवाला रोडची वस्ती अशी वाढली. एका अंगाला लोहमार्ग, दुसऱ्या अंगाला नदीचा काठ: अक्षरशः तडीवर. थोड्याच अंतरावर कोरेगाव पार्कचे वडाचे रस्ते आणि बंगले सुरू होतात. पुण्याविषयी लिहिताना आपण पेठांपासून सुरुवात करतो, कसबा, शनिवार, सदाशिव. मग डेक्कन, मग कोथरूड. स्टेशनच्या मागचा भाग त्या कथेत येतो तो आला तर गाडी पकडताना. विद्येचे माहेरघर, पेन्शनरांचे शहर, सवाई गंधर्वचे शहर ही पुण्याची वर्णने खोटी नाहीत, पण ती एका काठावरून केलेली आहेत. 'तडीपार' या अल्बममध्ये गरिबी, दोस्ती, पोलिसांची धास्ती, शत्रूला दिलेली आव्हाने आणि आई-वडिलांविषयीची टोचणी एकमेकांत मिसळून येतात, आणि सगळे 'मी' असे म्हणून येते. दुसऱ्या काठाने आपले वर्णन आपणच करायला घेतलेले असते.

महाराष्ट्रात रॅपचे नाव निघाले की कोणीतरी म्हणतेच की हा आमचा पोवाडाच. ही बरोबरी मला पटत नाही, आणि तिच्यामुळे या अल्बमचे वेगळेपण झाकले जाते. पोवाडा मुळात दुसऱ्याच्या पराक्रमाची गोष्ट सांगतो. जोतीराव फुल्यांनी १८६९ मध्ये शिवाजीराजांचा पोवाडा लिहून त्याचा नायक कोणाचा, हा प्रश्न उलटा केला, तरी पोवाड्यातला 'तो' तसाच राहिला. पुढच्या काळातल्या सत्यशोधक जलशांत, आंबेडकरी जलशांत, अमर शेख आणि अण्णा भाऊ साठे यांच्या शाहिरीत 'तो' जाऊन 'आम्ही' आले. पुण्यात २००२ मध्ये उभ्या राहिलेल्या कबीर कला मंचाचाही आवाज 'आम्ही'चा आहे. वस्तीतली मुले-मुली त्यात गायली, पण गायली ती समूह म्हणून, विचार घेऊन. 'मी' कुठे होता? लावणीत होता, पण तिथे पुरुष शाहीर बाईच्या तोंडून बोलत असे, म्हणजे तो 'मी' उसना होता. खरे साम्य दिसते ते दोन ठिकाणी. लावणीच्या शेवटी कवी आपले नाव गुंफतो, फडाचे नाव घेतो, कधी साथीदाराचेही. रॅपर गाण्याच्या आरंभीच स्वतःचे नाव पुकारतो. आणि कलगी-तुऱ्याच्या सवाल-जवाबात समोरच्या फडाला भर सभेत उताणे पाडायचे असते, तसेच एमसी स्टॅनच्या 'खुजा मत'सारख्या गाण्यात प्रतिस्पर्ध्याला पाडायचे असते. पण साम्य म्हणजे वंश नव्हे. सवाल-जवाबातला कवी शास्त्र-पुराणांच्या कोड्यांवर जिंकत असे. इथे जिंकायचे असते ते मी कुठून आलो आणि काय सोसले याच्या जोरावर. 'मी'ला पुरावा म्हणून वापरणे ही नवी गोष्ट आहे.

इथे एक भारी आक्षेप येतो आणि तो बाजूला सारता येणार नाही. मराठीत वेशीबाहेरच्या माणसाने 'मी' म्हणणे २०२० मध्ये सुरू झाले काय? दया पवारांचे 'बलुतं' १९७८ चे. लक्ष्मण मान्यांचे 'उपरा' १९८० चे. पोलिसांच्या फटक्याखाली वाढलेल्या जमातीची गोष्ट लक्ष्मण गायकवाडांनी 'उचल्या'त १९८७ मध्ये सांगितली, आणि साहित्य अकादमीने तिचा गौरव केला. नामदेव ढसाळांचा 'गोलपिठा' तर १९७२ चा. हे सगळे या अल्बमच्या आधीचे आहे आणि त्याहून मोठे आहे, याबद्दल माझ्या मनात शंका नाही. तरी दोन फरक राहतात. आत्मकथन मागे वळून लिहिले जाते. लिहिणारा शिकला, वस्तीतून किंवा पालातून निघाला, आणि मग अंतरावरून त्याने तो काळ उभा केला. 'तडीपार' अंतरावरून आलेला नाही; विशीतला मुलगा ज्या गल्लीविषयी बोलतो त्याच गल्लीत तो त्या वेळी होता, त्याच्या भांडणांचा निकाल तेव्हा लागायचा होता, त्यामुळे त्याच्या बोलण्यात पश्चात्ताप आणि फुशारकी एकाच श्वासात येतात. वर्षभर आधी त्याने 'अस्तग़फ़िरुल्लाह' हे गाणे केले होते, आणि त्या अरबी शब्दाचा अर्थ 'मी अल्लाहची क्षमा मागतो' असा आहे. दुसरा फरक ऐकणाऱ्याचा. 'उचल्या' वाचणारा बहुधा उचल्यांपैकी नव्हता. या अल्बमचा पहिला श्रोता मात्र फोन हातात धरलेला, त्याच वयाचा, तशाच गल्लीतला मुलगा आहे. आपल्यासारख्यांच्या कानावर ते नंतर पडले. म्हणून माझा दावा मी पुण्यापुरता आणि तडीपारीपुरता आवळून ठेवतो. तेवढ्यात तो टिकतो.

दुसरा आक्षेप भाषेचा. हे गाणे मराठीत नाही, हिंदीत आहे, मग पुण्याच्या परंपरेशी त्याचा काय संबंध? याचे उत्तर त्याच्या हिंदीतच आहे. त्याच्या एका गाण्याचे नाव 'येडे की चादर' आहे, दुसऱ्याचे 'हाथ वरती'. 'येडा' आपला, 'वरती' तर शुद्ध आपला. दूरचित्रवाणीवर त्याच्या तोंडून देशभर गेलेला 'शेमडी' हा शब्द ऐकताना मराठी माणसाला 'शेंबडी' आठवल्यावाचून राहत नाही. आणि 'तडीपार' हा शब्दच हिंदीला मराठी पोलिसी व्यवहारातून मिळालेला आहे. ही बोली बिघडलेली हिंदी नव्हे, ती दखनीची शहरी नात आहे. दखनी इथे पाहुणी कधी नव्हती: विजापूरच्या दुसऱ्या इब्राहिम आदिलशहाने तिच्यात 'किताब-ए-नवरस' रचला, आणि ज्या मुलखात पुणे वसले तो मुलूख निजामशाही-आदिलशाहीचा होता. जोर देण्यासाठी शब्दाला 'च' लावण्याची दखनीची सवय मराठीकडून आलेली आहे, हे भाषाशास्त्रज्ञ सांगतात. एकनाथांनी हिंदू-तुर्क संवाद लिहिला तो या दोन बोलींच्या शेजारातूनच. पेशवाईतल्या शाहिरांना तर एका भाषेत राहण्याची सक्ती कोणी केलीच नव्हती. रामजोशाने संस्कृत, कानडी, हिंदुस्तानी मिसळून लावण्या केल्या. पुण्याच्या त्या काळच्या गाजलेल्या शाहिरांत होनाजी गवळी होता, त्याचा जोडीदार बाळा शिंपी होता, आणि त्यांच्याशी फड लावणारा सगनभाऊ हा मुसलमान होता, हत्यारांना धार लावण्याचा शिकलगारीचा धंदा करणारा. त्या वेळी पुण्याला 'हा आपला का?' असा प्रश्न पडला नाही. सगनभाऊला ज्या शहराने आपला मानले त्या शहराने दोनशे वर्षांनंतर भाषेच्या शुद्धतेचा नियम लावायचा असेल तर तो नियम आपला नवा आहे, एवढे तरी ध्यानात ठेवावे.

तिसरा आक्षेप उसनवारीचा. ठेका अमेरिकेचा, कपडे अमेरिकेचे, सोन्याच्या साखळ्या अमेरिकेच्या. खरे आहे. हिप हॉपचा जन्म ११ ऑगस्ट १९७३ ला न्यूयॉर्कच्या ब्राँक्स भागात कूल हर्क या डीजेच्या मेजवानीत झाला असे मानतात, आणि तो ब्राँक्स म्हणजे महामार्गाने मधोमध चिरलेला, घरे गमावलेला भाग होता. भारतात बाबा सेहगलने १९९२ मध्ये 'ठंडा ठंडा पानी'ने या प्रकाराला गमतीदार चेहरा दिला; मुंबईच्या नेझी आणि डिव्हाइन यांनी २०१५ मध्ये 'मेरे गल्ली में' केले तेव्हा त्याला पत्ता मिळाला; २०१९ च्या 'गल्ली बॉय'ने तो पत्ता घराघरांत नेला. उसने वाद्य, उसना साचा घेऊन आपले बोलणे ही पुण्याची जुनी रीत आहे. हार्मोनियम युरोपातून आली, ऑर्गन युरोपातून आला, आणि ज्या नाट्यसंगीताचा आपण अभिमान बाळगतो ते त्या सुरांवर उभे राहिले. उसने काय घेतले यापेक्षा त्यात काय भरले ते पाहावे. यासाठी बोस्नियाचे उदाहरण उपयोगी पडते. ब्र्चको गावचा रॅपर एडो मायका युद्धाच्या काळात घर सोडून क्रोएशियात गेला, आणि २००२ मध्ये त्याचा पहिला अल्बम आला. त्या अल्बमच्या नावाचा अर्थ 'आईचे ऐक' असा आहे. १९९२ ते ९५ च्या युद्धात ज्या देशांनी एकमेकांची माणसे घराबाहेर काढली, त्याच देशांतल्या तरुणांनी तो बोस्नियन बोलीतच ऐकला. बोली घासूनपुसून प्रमाण करावी लागली नाही. बाहेर काढलेल्या माणसाची बोली हाच जिथे खरेपणाचा पुरावा ठरतो अशी कला ब्राँक्सहून ब्र्चकोला गेली आणि ताडीवाला रोडलाही आली. ती अमेरिकेची आहे म्हणून नव्हे, तर तिच्यात बोलायला नाव-गाव-गल्ली एवढेच भांडवल पुरते म्हणून.

आणि उसनवारीच्या या चर्चेत एक देशी धागा हरवतो. एमसी स्टॅन लहानपणी कव्वाली गात असे. महाराष्ट्रातल्या वस्त्यांत कव्वाली फक्त दर्ग्याची राहिली नाही. मुकाबल्याच्या मांडवात ती दोन पार्ट्यांची झुंज झाली, आणि कव्वालीच्या ढंगात भीमगीते रचली गेली. विठ्ठल उमप आणि प्रल्हाद शिंदे यांच्यासारख्या गायकांचे गळे या दोन्ही अंगांनी तयार झाले. एका वस्तीत उरूस, चौदा एप्रिल आणि गणपती एकाच कर्ण्यावर वाजतात, एकाच वायरमनने वायर ओढलेली असते. टाळीवर शब्द मारणे, समोरच्याला शेरातून डिवचणे, मग अचानक स्वर लांबवून देवाला हाक मारणे हे जे या अल्बममध्ये ऐकू येते, त्याचे मूळ शोधायला न्यूयॉर्कपर्यंत जावे लागत नाही. पोवाड्याशी ओढूनताणून नाते लावण्यापेक्षा हे नाते साधे आणि खरे आहे.

सगळ्यात अवघड आक्षेप शेवटी घेतो. यात शिव्या आहेत, मारामारीची ऐट आहे, आणि बायकांविषयीचे बोलणे पुष्कळदा हीन आहे. पहिल्या दोन गोष्टींना इतिहासातून उत्तर देता येते. स्वातंत्र्याच्या सुमारास बाळासाहेब खेरांच्या सरकारने अश्लीलतेच्या कारणावरून तमाशावर बंदी आणली होती. नंतर सुधारणा समिती नेमली गेली, वग तपासले जाऊ लागले, आणि आज तोच तमाशा सरकारी पुरस्कारांचा विषय आहे. मारामारीच्या ऐटीचे म्हणाल तर ती त्या तृतीयपुरुषी कागदाला दिलेले उत्तर म्हणून ऐकावी लागते: ज्याच्याविषयी 'परिसरात दहशत' असे लिहिले जाते तो तोच शब्द उचलून आपल्या डोक्यावर मुकुटासारखा ठेवतो. गाण्यातला 'मी' म्हणजे गाणाऱ्याचे पोलीस रेकॉर्ड नव्हे. तो वस्तीतल्या कितीतरी मुलांचा मिळून झालेला 'मी' आहे, आणि म्हणूनच त्यात बढाईही आहे. पण बायकांविषयीच्या बोलण्याला मी हे उत्तर देऊ शकत नाही. ज्याला स्वतःविषयी दुसऱ्याने बोललेले जाचते, त्याने गल्लीतल्या मुलीविषयी तसेच तृतीयपुरुषात, तिला बोलू न देता बोलावे, हा या अल्बममधला दोष आहे आणि तो परंपरेच्या आडोशाला लपत नाही. होनाजीच्या काळच्या लावणीत बाईचा आवाज निदान उसना का होईना, होता. ताडीवाला रोडच्या बाईचा 'मी' अजून यायचा आहे.

दस्तऐवज निर्दोष असावा अशी इतिहासाची अपेक्षा नसते, तो जपलेला असावा एवढीच असते. १८९१ मध्ये इंग्रज अधिकारी ॲकवर्थ आणि शंकर तुकाराम शाळिग्राम यांनी ऐतिहासिक पोवाड्यांचा संग्रह छापला तेव्हा पेशवाई जाऊन सत्तर वर्षे झाली होती. ते पोवाडे गोंधळ्यांच्या तोंडून ऐकून उतरवून घेतलेले होते. उतरवले नसते तर बाजीरावाच्या जाण्याविषयी आज आपल्याकडे सरकारी कागदच तेवढे उरले असते. शाळिग्रामांना निदान शब्द ओळखीचे होते. 'तडीपार'मधले शब्द कोणत्याही मराठी किंवा हिंदी कोशात एका जागी सापडणार नाहीत, काहींचे अर्थ स्टेशनच्या पलीकडच्या चार गल्ल्यांतच पक्के ठाऊक आहेत, आणि बोलीतला शब्द दहा-पंधरा वर्षांत बदलतो. गाणी कंपन्यांच्या यंत्रांवर साठवलेली आहेत. २०२३ च्या फेब्रुवारीत हाच मुलगा 'बिग बॉस' जिंकला आणि त्याचे नाव घरोघर गेले, पण त्या नावाबरोबर शब्दांचा अर्थ गेला नाही. ज्या शहरात इतिहास संशोधक मंडळ १९१० पासून कागद गोळा करते आहे, आणि जिथल्या पेशवे दप्तरातून इतिहासकार सरदेसायांनी पंचेचाळीस खंड निवडून काढले, तिथे कोणी वही-पेन्सिल घेऊन ताडीवाला रोडवर जावे, त्या वयाच्या मुलांना बसवून प्रत्येक ओळ ऐकवावी, आणि शब्दापुढे अर्थ, बोलणाऱ्याचे वय आणि तारीख लिहून ठेवावी. दोन वर्षांच्या तडीपारीवरून परतलेला एखादा त्यांच्यात बसलेला असेल, तर त्याला आधी विचारावे.